पेट्रोलचा वास

"पोरं गाडीत ओकतात अन् नाव माह्या गाडीचं खराब होते," शाळेची व्हॅन चालवणारा धर्मेंद्र लाखनी गावच्या गॅरेजात तणतणत होता.

हेमराज मिस्त्रीनं पुढची सीट उचलली आणि तिच्याखालच्या चालू इंजिनावरच, पेट्रोलचा दाब सांभाळणाऱ्या फ्युएल प्रेशर रेग्युलेटरचा बारीक पाइप ओढून काढला. जिथं नुसती हवा असायला हवी, तिथून पेट्रोल टपकलं. उग्र वास आला, तसं पोरं का ओकतात ते त्याला कळलं.

"रेग्युलेटरच्या आतला पडदा फाटला. गाडी कधीही पेट घेईल. दोन दिवसांत पार्ट येईल, तोवर इथंच राहू द्या."

"दोन दिवस कोण थांबते? पाइप लाव अन् एक सेंटची बाटली टांगून दे. पोरायले काय समजते?"

पोटच्या पोरीच्या नावानं तरी हा ऐकेल, असं हेमराजला वाटलं.

"भाऊ, तुमची खुशबू पण याच गाडीत जाते ना?"

"नाही बा," धर्मेंद्र सहज म्हणाला. "तिले महिनाभरापासून मोटरसायकलनंच सोडून राहिलो. या वासानं तिचं डोकं दुखते."

हेमराजनं इंजिन बंद केलं, चाबी खिशात टाकली आणि शाळेच्या हेडमास्तरांना फोन लावला.