परतीची मोजणी

जमीनमोजणी खात्याने मोजणीदाराला वेडा ठरवून घरी बसवलं, तेव्हा लोकांना वाटलं, आता हा गप्प बसेल. तो कसला बसतोय! त्याने स्वप्नांची मोजणी काढली. झोपेत दिसेल तो रस्ता पावलांनी मोजायचा आणि सकाळी स्वयंपाकघरातल्या टेबलावर नकाशा पुढे न्यायचा.

पाय पडला नाही ती जागा कोरी सोडायची, हा त्याचा कडक नियम. पण एक कामचुकारपणा त्याने केलाच. निघालो त्याच खुणेपाशी चालत परत येऊन मोजणी बंद करायची, ही धंद्यातली पहिली शिस्त त्याने सोडून दिली. जाग आपोआप येतेच की, मग परतीची तंगडतोड करतंय कोण?

एका सकाळी बायको ओटा पुसता पुसता थांबली आणि तिने नकाशावर ओलं बोट टेकवलं.

"हा पूल चुकलाय. पाण्याच्या टाकीच्या अलीकडे आहे तो."

मोजणीदार हसला. "तू कधी गेलीस गं तिथे? तुला आपल्या गल्लीतला दवाखाना सापडत नाही!"

"रोज जाते," ती म्हणाली. "आमच्या ह्यांना शोधायला."

"अगं, मी हा काय, तुझ्यासमोर बसलोय."

घरी आलेल्या परक्या माणसाकडे पाहावं तसं तिने त्याच्याकडे पाहिलं. मग चहाचा कप अदबीने त्याच्यापुढे सरकवला.

"तुम्ही बसा की," ती म्हणाली. "पण ते झोपेत बाहेर पडले, ते अजून परत आलेले नाहीत."