कंसाबाहेर

"छत्तीसातही आहे आणि साठातही आहे, असं काय ते शोधा बाबा," मुलगा म्हणाला.

बाबांनी पेन डाव्या हातात धरलं. उजवा मांडीवर नुसता पडून होता. जेवणाच्या टेबलावरची भांडी आईनं अजून उचलली नव्हती, ती एका बाजूला सारून मुलानं कागद पसरला होता. त्यावर लिहिलं होतं, ३६ + ६०.

झटका आल्यापासून बाबांचे शब्द जागेवर नव्हते, आणि माणसंही. काल त्यांनी आईला ताई म्हणून हाक मारली आणि पाणी मागितलं. बोलायला शिकवणाऱ्या बाईंनी सांगितलं होतं, जे जन्मभर करत आले तेच थोडं थोडं करून घ्या, डोकं ताळ्यावर येईल. बाबा जन्मभर शाळेत गणित शिकवत आले होते. म्हणून मुलगा सुट्टीच्या दिवशी येऊन बसला होता. तो लिफ्ट दुरुस्त करायचा. कितीही घासली तरी त्याच्या नखांतली काळी रेघ जात नसे.

"दोन," बाबा म्हणाले.

"दोन आहेच. त्याहून मोठा?"

बाबांनी पेनाचं टोक साठावर टेकवलं. "सहा."

"सहा बाहेर काढला तर आत सहा आणि दहा उरतात. त्यांच्यात अजून काही सामाईक आहे की नाही?"

बाबांनी डोळे मिटले. ओठ हलले. मग डोळे न उघडताच ते म्हणाले, "बारा." आणि डाव्या हातानं वाकडंतिकडं लिहिलं, १२ (३ + ५).

स्वयंपाकघराच्या दारातून आई पदराला हात पुसत पुढे आली. "बघ, येतंय की त्यांना! बघ!"

"आता कंस सोडवा," मुलगा म्हणाला. "आत बेरीज न करता."

"बारा त्रिक छत्तीस," बाबा लगेच म्हणाले. पेन पुढे सरकलं. "अधिक पाच. एक्केचाळीस."

"नाही. पुन्हा."

"बारा त्रिक छत्तीस. अधिक पाच."

"पाच तसाच कसा राहील बाबा? पुन्हा करा."

"एक्केचाळीस," बाबा हट्टानं म्हणाले.

मुलाचा आवाज एकदम बदलला. "पहिल्याला दिलात बारा, आणि दुसऱ्याला? दुसऱ्याला काय तुमचा बाप देणार?"

आई जागच्या जागी थबकली. हे वाक्य तिनंही ऐकलेलं होतं, शाळेतून घरी आलेल्या मुलाकडून. ते बाबांचंच होतं. सातवीच्या वर्गात त्यांनी ते याच चुकीवर, याच मुलाला ऐकवलं होतं, आणि सगळा वर्ग खो खो हसला होता. कारण बाप तर समोरच उभा होता, हातात डस्टर घेऊन. तो डस्टर नंतर कुठे बसला, ते आईनं त्या संध्याकाळी हळद लावताना पाहिलं होतं.

"हळू घे रे," ती म्हणाली. "आजारी माणूस आहे."

"हे तू तेव्हा त्यांना का नाही सांगितलंस?"

"तेव्हा माझं कोण ऐकत होतं?"

बाबा मात्र विचारात पडले होते. आपल्याला काहीतरी विचारलंय आणि उत्तर द्यायला हवं, एवढंच त्यांना कळलं असावं. "बाप नाही," ते सावकाश म्हणाले. "वारला." आणि ओशाळून पेन खाली ठेवलं.

मुलानं तोंडावरून हात फिरवला. खुर्ची जवळ ओढली. मग बाराच्या डोक्यावरून तीनपर्यंत एक कमान काढली आणि पाचपर्यंत दुसरी.

"हे बघा. बारा बाहेर उभा असला तरी तो दोघांचा आहे. याला दिला की त्यालाही द्यायचा. मध्येच हात आखडायचा नाही. बारा त्रिक?"

"छत्तीस."

"बारा पंचे?"

बाबांनी दुसऱ्या कमानीवरून बोट फिरवलं. एकदा, पुन्हा एकदा. "साठ," ते म्हणाले. मग डोळे मोठे झाले. "छत्तीस आणि साठ! परत तेच आलं! शहाण्णव!"

"बरोबर."

बाबा अर्ध्या तोंडानं हसले. ते मुलाकडे बघत होते, पण नजर अनोळखी होती. ते खुर्चीत नीट सावरून बसले.

"सर, तुम्ही फार छान समजावता," ते म्हणाले. "रागावता, पण मारत नाही."

आईनं मान फिरवली.

"माझा एक मुलगा आहे," बाबा आवाज खाली आणून म्हणाले. "सातवीत. अगदी ढ. माझं नाव घालवणार. तुम्ही बघाल का त्याला जरा?"

मुलानं पेनाचं टोपण उचललं आणि तसंच हातात धरलं. "कुठे आहे तो?"

"तिथे." बाबांनी डाव्या हातानं बंद दाराकडे बोट केलं. "वर्गाबाहेर उभा केलाय मी. सकाळपासून. आत बोलवू?"

आई दाराकडे बघत राहिली.

"नको," मुलगा म्हणाला. "राहू दे उभा. त्याला सवय आहे."

बाबांनी समाधानानं मान डोलावली. "तेच बरं," ते म्हणाले, आणि पुढच्या गणितासाठी कागद त्याच्याकडे सरकवला.