फळा पुसणारा हात

न्यायालयाच्या निकालानंतर अनुभवाचे दाखले बंद झाले होते. प्राध्यापकपदाच्या उमेदवाराची शिकवण्याची आठवणच यंत्रावर तपासली जाई. छाननी अधिकारी गव्हाणकरबाई डॉ. रणधीर मोहित्यांची दहा वर्षं पडद्यावर पाहत होत्या. पंखा, खडू, मागच्या बाकावर पेंगणारी मुलं. सगळं जरा जास्तच चोख होतं. तास संपला, हात फळा पुसायला वर गेला आणि मनगटावर हिरव्या बांगड्या किणकिणल्या.

"हा हात कुणाचा?"

"आठवण माझ्या डोक्यात आहे, मॅडम. निकालात एवढंच मागितलंय," कॉलेजच्या संस्थाचालकांचा हा जावई शांतपणे म्हणाला.

बाईंनी अपात्रांची यादी काढली. त्याच कॉलेजात तासिका तत्त्वावर शिकवणाऱ्या सुमन डोळस, अनुभव शून्य. त्यांना आत बोलावलं.

"तुम्ही वर्गात शिकवलंत ना?"

"आठवत नाही हो. दर सत्राअखेर आठवणी कॉलेजात जमा केल्या तरच पुढची ऑर्डर निघते. पडताळणी झाली की परत देणार होते."

बोलता बोलता त्यांची नजर पडद्यावर गेली. फळा अर्धाच पुसलेला होता. त्यांचा उजवा हात आपोआप वर उठला.

गव्हाणकरबाईंनी निकाल पुन्हा वाचून काढला. हाताबद्दल त्यात एक अक्षर नव्हतं.