गिळलेलं वाक्य

“हे कोणाचं वाक्य?” ऑलवेनने संहितेचं शेवटचं पान ह्यू पेनरोजसमोर आपटलं.

ह्यू निर्माता होता. त्याने मान वर केली नाही. “माझं. मरणारा कामगार द्राक्षं घेऊन बघायला आलेल्या खाणीच्या मॅनेजरला माफ करतो. टीव्हीवरचं रविवारचं नाटक आहे, बाई. लोकांना जेवण पचू दे.”

“माझा बाप होता तो! कोळशाची धूळ खाऊन मेला. त्याने कुणाला माफ केलं नाही. ‘तुमची द्राक्षं उचला आणि चालते व्हा,’ हेच त्याने म्हणायचं!”

“पडद्यावर नाव हवंय ना? मग गप्प बस.”

आठ वर्षं तिने दुसऱ्यांच्या पोलिसी मालिकांचे भाग लिहिले होते. हे तिचं पहिलं स्वतःचं नाटक. ती तडक रंगपटात गेली. नाटकात बापाचं काम करणारा इद्रिस मॅडॉक तिच्यासारखाच वेल्सच्या खाणीकडचा होता.

“तू ते घाणेरडं वाक्य म्हणणार?”

“पोट आहे, पोरी.”

“लाचार मेला!” ती थुंकल्यासारखं बोलली.

तेव्हा टीव्हीवर नाटकं थेट प्रक्षेपित होत. ऑलवेन नियंत्रण कक्षात ह्यूच्या मागे मुठी आवळून उभी राहिली. पडद्यावर मॅनेजरने उशाशी द्राक्षं ठेवली, हात पुढे केला. इद्रिसने त्या हाताकडे पाहिलं. मग हळूहळू कूस बदलली आणि भिंतीकडे तोंड केलं. बोलला काहीच नाही.

“बोल, गाढवा, बोल!” ह्यू ओरडला. पुढे केलेला हात तसाच राहिला. नाटक संपलं.

ह्यू फोनवर कुणाची तरी समजूत काढत बसला. ऑलवेनने इद्रिसला बाहेर गाठलं. तिचा राग उलट भडकला होता.

“ह्यूचं वाक्य गाळलंस ते ठीक. माझं मूळ वाक्य का गिळलंस?”

इद्रिस तोंडावरचा रंग पुसत होता. “माझा बाप असाच गेला गं. बोलायला छातीत श्वास कुठे उरतो?”

 ऑलवेनच्या बापाच्या छातीतही उरला नव्हता. ते वाक्य तिचं होतं. मॅनेजर बापाला बघायला घरी आला त्या दिवशी त्याच्यासमोर ते अगदी ओठांवर आलं होतं, आणि ती म्हणाली होती, “चहात साखर किती घालू, साहेब?”