चोरीची मॅच

लिफ्ट दुरुस्त करणारा तो मेकॅनिक बायको गेल्यापासून एकटाच राहायचा. सुट्टीच्या दुपारी लॅपटॉपवर चोरीच्या साइटवरून फुटबॉल बघणं, एवढीच काय ती त्याची करमणूक.

"दादा, असल्या साइटवाले कॉम्प्युटरमधलं सगळं चोरून नेतात," धाकटी बहीण फोनवर करवादायची.

"नेऊ दे. तेवढंच माझे फोटो कुणीतरी बघेल."

हळूहळू त्या साइट बंद पडत गेल्या आणि एकच उरली. पूर्वी तिथे मॅचच्या शेजारी चॅटमध्ये हजारो लोक तावातावाने भांडायचे. आता ती चौकट कोरीच असायची.

त्या दुपारी मध्यंतराआधी शेवटच्या क्षणी गोल झाला. तो उडी मारून उठला आणि तसाच खाली बसला, सांगणार कुणाला? न राहवून त्याने चॅटमध्ये लिहिलं, "कुणी आहे का?"

बऱ्याच वेळाने अक्षरं उमटली. "आहे ना."

त्याला भरून आलं. खुर्ची पुढे ओढून त्याने घाईघाईने विचारलं, "कुठून बघताय?"

"जरा बाजूला सरका. तुमच्या डोक्याआड काही दिसत नाहीये."

मागे वळून बघायचा त्याला धीर झाला नाही. त्याने खुर्ची हळूच सरकवली.

"हां, आता दिसतंय," उत्तर आलं. "बसा निवांत."