घरोघरचे नवरे

लीड्सचा डेस्मंड टीव्हीसाठी विनोदी प्रहसनं लिहायचा. घरोघरच्या इंग्रज नवऱ्यांची टर उडवण्यात त्याचा हात धरणारं कुणी नव्हतं. शनिवारी त्याचं नवं प्रहसन लागलं. बायकोचा शब्दही कानावर न घेणारा नवरा पाहून स्टुडिओतले प्रेक्षक हसून लोळत होते. डेस्मंडही सोफ्यावर पाय पसरून स्वतःच्याच विनोदांना दाद देत होता. तेवढ्यात बायकोचा, मॉरीनचा फोन आला.

"पाहिलं रे. नवरा अगदी हुबेहूब उतरलाय."

"मग खाली येऊन सांग की. वरच्या खोलीतून फोन कसले करतेस? आणि येता येता जरा चहा टाक."

 

"मी मंगळवारीच घर सोडलंय, डेस्मंड. निघताना तुला दोनदा सांगितलं. दोन्ही वेळा तू 'हं, छान' म्हणालास."