रात्रपाळीचा नवरा

"आठ महिने झाले, तुझा नवरा काही दिसला नाही बाई," मंगलाबाई नळावर म्हणाली. "नवरा आहे की वारा?"

बायका हसल्या. फुलाबाईने हंडा नळाखाली सरकवला. "रातपाळी हाय त्यांची. दिवसा झोपतात."

सातपूरच्या त्या चाळीत एकट्या बाईला खोली द्यायची नाही, असं ठरलेलं होतं. खोली गेली तर नटबोल्टच्या कारखान्यातलं काम जाणार होतं, आणि हरसूलला आजीजवळ ठेवलेल्या लेकीची शाळाही. म्हणून एसटीने त्र्यंबक ओलांडलं की फुलाबाई कपाळाला कुंकू लावायची. गावी जाताना तिथंच पुसायची. तिकडे ती विधवा होती, इकडे सवाष्ण.

हळूहळू तिला इकडचंच खरं वाटू लागलं होतं. दाराशी नवऱ्याच्या, सोमाच्या, वहाणा होत्या. खाटेवर उशीला चादर पांघरलेली असे. कामावरून आली की ती दबक्या पावलांनी आत शिरे, त्याची झोपमोड नको म्हणून. भाकऱ्या दोघांच्या थापी. चुलीचा धूर खोलीत भरला की धुरापलीकडे तो मांडी घालून बसलेला दिसे, खांद्यावर भाताचा पेंढा चिकटलेला. ती बोलत राही. धूर विरला की गप्प होई.

"आज शनिवार, सुटी आहे. दार उघड, बघू तरी," म्हणत मंगलाबाई तिच्या दाराकडे निघाली. फुलाबाई हंडा नळाखालीच सोडून तिच्यामागे धावली.

तेवढ्यात चाळीची मालकीण लताबाई ओट्यावरून म्हणाली, "कशाला उठवता त्यांना? पहाटे कामावरून आले, मीच चहा दिला. जा आपापल्या कामाला."

मालकिणीपुढे कोण बोलणार? बायका पांगल्या.

फुलाबाई खोलीत आली. लताबाईही मागोमाग आली आणि तिने दार लोटून घेतलं. लताबाईने खाटेवरच्या उशीकडे पाहिलं.

"कधी गेले?"

"दोन सालं झाली. भात लावताना साप चावला." फुलाबाईने पदराने डोळे पुसले. "खोली सोडू का?"

"आधी लेकीला घेऊन ये. मंगलाचं मी बघते."

"पण तुमाला कळलं कसं?"

"पहिल्याच महिन्यात कळलं," लताबाई म्हणाली. "रोज नळावर येतेस, पण नवऱ्याला एकदाही नावं ठेवली नाहीस."